फलकावरचे ‘सह’

तमाशाच्या फलकावरचा सर्वांत लहान शब्द कोणता, असे कुणी विचारले तर मी ‘सह’ असे उत्तर देईन. दोनच अक्षरे, ना काना, ना मात्रा. वर एका कलावंताचे नाव तांबड्या ठळक अक्षरांत, खाली दुसऱ्याचे निळ्या ठळक अक्षरांत, आणि दोहोंच्या मधल्या फटीत अंग चोरून बसलेले हे ‘सह’. वाचणाऱ्याची नजर त्यावर ठरत नाही. पण ज्यांची नावे त्या फलकावर असतात, त्यांचा मानापमान आणि पुष्कळदा पैशाअडक्याचा हिशेबही त्या दोन अक्षरांपाशी येऊन अडलेला असतो.

मला हा शब्द लहानपणापासून पाठ आहे. मी तमाशा पुष्कळ पाहिला असे कुणाला वाटेल. पण खरे कारण उलटे आहे. आमच्या भोर-वेल्ह्याकडे चैत्र लागला की गावोगावच्या जत्रा सुरू होतात. दिवसा पालखी, नैवेद्य, कुस्त्यांचा आखाडा; रात्री तमाशा. गाव घरटी वर्गणी गोळा करते, चार जाणती माणसे नारायणगावला जाऊन फडमालकांच्या राहुट्यांतून हिंडतात, भाव करतात आणि सुपारी देऊन येतात. मग फलक येतो आणि मारुतीच्या देवळाच्या भिंतीला चिकटतो. माझ्या लहानपणी तमाशा होता पुरुषांचा. लेकी-सुनांनी पाहुण्यारावळ्यांची भांडी घासावी आणि पडवीत बसून, समोरच्या डोंगरावर आपटून परत येणारी ढोलकी ऐकावी. हलगीची थाप स्वच्छ ऐकू येई. शब्द मात्र निम्मेअर्धे वाऱ्यात गळून जात. फलक तेवढा मला दिवसाउजेडी, फुकट आणि कुणाची परवानगी न घेता वाचता येई. तो मी पुनःपुन्हा वाचला.

पुढे मी शिक्षिका झाले, वेल्हे तालुक्यात शिकवू लागले. (तालुक्याचे नाव ‘राजगड’ करण्याचे राज्य सरकारने २०२४ मध्ये ठरवले, म्हाताऱ्या माणसांच्या तोंडून मात्र ‘वेल्हे’ जाता जात नाही.) गेल्या स्नेहसंमेलनाच्या वेळी वरच्या वर्गातली दोन मुले माझ्याकडे भांडण घेऊन आली. एक वेल्ह्याकडचा, एक भोराकडून आलेला. दोघेही रॅप करणारे. दोघांचीही आपापल्या आळीत कीर्ती. एकाची जीभ अशी चालते की श्वास कधी घेतो कळू नये. दुसरा शब्दांच्या कोट्या करण्यात पटाईत. आजवर एकमेकांना पाण्यात पाहणाऱ्या या दोघांनी संमेलनात एकत्र उभे राहायचे ठरवले होते. गाणे तयार होते, ठेका तयार होता. अडले होते ते कार्यक्रमपत्रिकेपाशी.

“बाई, माझं नाव आधी पाहिजे. ऐकणारी पोरं माझी जास्त आहेत.”

“आणि शब्द कुणाचे आहेत, बाई? निम्म्याच्या वर माझे!”

मी म्हणाले, “मध्ये ‘सह’ लिहा की.”

दोघांनी एकमेकांकडे पाहिले. मग एकाने विचारले, “पण बाई, ‘सह’च्या वर कोण?”

या प्रश्नाला सरळ उत्तर देण्याऐवजी मी त्यांना इतिहास सांगू लागले. शिक्षकांची ही जुनी खोड आहे. तास संपला, पण इतिहास संपला नाही. तो आता वाचकांपुढे ठेवते.

रॅप म्हणजे काय, हे ज्यांच्या घरात एखादा नातू किंवा पुतण्या आहे त्यांना सांगायला नको. ठेक्यावर म्हटलेली, गाण्यापेक्षा बोलण्याला जवळची यमकबद्ध कविता. न्यू यॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात ११ ऑगस्ट १९७३ रोजी कूल हर्क नावाच्या तरुणाने एका इमारतीत जलसा केला, तो या कलेचा जन्मदिवस मानतात. आपल्या पोवाड्याला हिचे वय ऐकून हसू यावे. परंतु जोडीच्या प्रश्नात या पोरसवदा कलेने एक गोष्ट मोठी शहाणपणाची करून दाखवली आहे.

तिकडे दोन नामांकित रॅपर होते, दोघांचाही जन्म १९७५ चा. एल-पी हा ब्रुकलिनचा, गोरा. स्वतः कवने करणारा आणि ठेकेही बांधणारा. १९९७ मध्ये ‘कंपनी फ्लो’ या त्याच्या मंडळीने नाव कमावले, पुढे त्याने ध्वनिमुद्रिका काढणारी स्वतःची संस्थाही चालवली. पण २०१० मध्ये ती त्याला थांबवावी लागली. दुसरा किलर माइक, अटलांटाचा, कृष्णवर्णीय. धिप्पाड देहाचा आणि गडगडत्या आवाजाचा. त्याचे वडील पोलिसात होते. ‘आउटकास्ट’ या गाजलेल्या जोडीच्या आश्रयाने तो २००० साली पुढे आला. २०१२ मध्ये माइकच्या संग्रहाचे सारे संगीत एल-पीने केले, त्याच वर्षी एल-पीच्या संग्रहात माइक गायला, दोघे एकाच दौऱ्यावर निघाले आणि २०१३ मध्ये त्यांनी जोडी बांधली. दोघेही तेव्हा अडतिशीतले. आमच्या फडांच्या भाषेत सांगायचे तर दोन स्वतंत्र फडमालकांनी एकच कनात ठोकली.

आता ‘सह’च्या वर कोण? त्यांनी दोघांचीही नावे बाजूला ठेवून तिसरेच नाव घेतले: ‘रन द ज्वेल्स’. अर्थ म्हणाल तर वाटमाऱ्याचा, ‘काढ ते दागिने!’ असा. पहिला संग्रह त्यांनी लोकांना फुकट वाटला. जत्रेतला तमाशा गावाला फुकट असतो तसा. दुसरा २०१४ मध्ये आला. त्यानंतर एका थट्टेपायी, मांजरांच्या आवाजांवर तोच संग्रह पुन्हा बांधण्याची पाळी त्यांच्यावर आली, कारण विनोदाने दिलेले वचन खरे धरून चाहत्यांनी वर्गणी जमवली! २०१५ मध्ये तो मांजरसंग्रह निघाला आणि पैसा धर्मादायाला गेला. २०२० मध्ये मिनिआपोलिस शहरात पोलिसाच्या गुडघ्याखाली जॉर्ज फ्लॉइड मेला आणि अमेरिकेत आगडोंब उसळला, तेव्हा या जोडीने आपला चौथा संग्रह ठरल्या तारखेच्या दोन दिवस आधी, ३ जूनला खुला केला. पोलिसाचा मुलगा आणि त्याचा गोरा जोडीदार एकाच गाण्यात आळीपाळीने बोलत होते. माझ्या दोन शिष्यांना हा भाग फार आवडला. मला त्यातली दुसरी गोष्ट महत्त्वाची वाटते: दोघेही लिहितात आणि दोघेही म्हणतात. एकाची लेखणी आणि दुसऱ्याचा गळा, अशी वाटणी तेथे नाही.

आपल्याकडे वाटणी बहुतेक तशीच झाली, आणि सारे रामायण तेथून सुरू होते.

वास्तविक शाहीर एकटा कधीच नसतो. डफावर थाप मारून तो पुढे उभा राहतो हे खरे, पण त्याच्या मागे तुणतुणे असते, झांज असते, आणि ‘जी जी’ करून त्याचा श्वास सावरणारे झीलकरी असतात. इतिहासात त्यांची नोंद नाही. अफजलखानाच्या वधाचा अगिनदासाचा पोवाडा आमच्या या मावळांच्या अगदी घरचा. त्या प्रसंगात शिवरायांच्या पाठीशी ठाम उभे राहिलेले कान्होजी जेधे हे भोर तालुक्यातल्या कारीचे. शाहिराला घोडा आणि शेरभर सोन्याचा तोडा बक्षीस मिळाला, असे त्या पोवाड्यातच आले आहे. वाचताना मला नेहमी वाटते, तुणतुणेवाल्याला काय मिळाले असेल? निदान जेवायला तरी घातले असेल. पोवाड्यात ते आलेले नाही.

या अन्यायाला एक जुना, सुंदर अपवाद आहे. उत्तर पेशवाईतला होनाजी शिलारखाने हा पुण्याचा गवळी. त्याच्या घरात शाहिरी आधीपासून होती. त्याचा जोडीदार बाळा कारंजकर, जातीने शिंपी. होनाजीने रचावे, बाळाने गावे. दुसऱ्या बाजीरावाच्या दरबारी या जोडीचा मोठा मान होता. शाहीर कवनाच्या शेवटी आपले नाव गुंफतो, त्याला छाप म्हणतात. ती त्याची सही आणि तेच त्याचे मालकीहक्काचे खत. होनाजीने आपल्या छापेत बाळाचे नाव घातले. ‘होनाजी बाळा’ ही छाप इतकी एकजीव झाली की आजही पुष्कळांना होनाजी हे नाव आणि बाळा हे आडनाव, किंवा उलट, असे वाटते. माझ्या वर्गात दर वर्षी निदान एक मूल तसे लिहिते आणि मला त्याचे गुण कापवत नाहीत. गाणाऱ्याचे नाव लिहिणाऱ्याने आपल्या सहीत घ्यावे, याहून मोठा मान जोडीदाराला काय द्यायचा? होनाजीचा शेवट वाईट झाला; १८४४ मध्ये मारेकऱ्यांनी त्याला मारले असे सांगतात. पण १९५१ मध्ये व्ही. शांताराम यांनी ‘अमर भूपाळी’ हा चित्रपट काढला, तेव्हा शंभराहून अधिक वर्षांनंतरही ती दोन नावे एकमेकांना धरून होती.

त्याच काळातला प्रभाकर शाहीर याने गंगू हैबतीच्या फडाला कवने करून दिली. प्रभाकराची कवने पाठ्यपुस्तकांत आली, आणि ती ज्या गळ्यांतून लोकांपर्यंत पोचली त्यांची ओळख अभ्यासकांपुरती उरली. कागद लिहिणाऱ्याला सांभाळतो. गाणाऱ्याला सांभाळायला तेव्हा यंत्र नव्हते.

पण ज्या जोडीसाठी मी हे सारे लिहायला घेतले, ती यापुढची.

श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी यांचा जन्म ११ नोव्हेंबर १८६६ चा, गाव हरणाक्ष रेठरे, तालुका वाळवे. तेव्हाच्या सातारा आणि आजच्या सांगली जिल्ह्यात. ब्राह्मणाचे घर, हाताशी गावचे कुलकर्णपण. दप्तर सांभाळावे, वसूल मांडावा आणि संध्याकाळी संध्या करावी, असा सरळ मार्ग पुढे आखलेला होता. पण हा मुलगा जात्यावरच्या ओव्या ऐके आणि त्या चालींवर आपले शब्द बसवी. हे वाचले की मला फार बरे वाटते. मराठीतल्या एवढ्या मोठ्या शाहिराची पहिली शाळा दळणाऱ्या बायकांची होती! गावच्या तमाशाला कवने करून देता देता तो स्वतः बोर्डावर उभा राहिला, घर सुटले, जात सुटली, कुलकर्णपण सुटले, आणि श्रीधरपंताचे पठ्ठे बापूराव झाले. गण, गौळण, लावणी, सवाल-जवाब, वग, तमाशातले एकही अंग त्यांच्या लेखणीने सोडले नाही. कोल्हापूरच्या शाहू छत्रपतींपुढे त्यांनी ‘मिठाराणी’चा वग सादर केला. स्वतःच्या लावण्यांची संख्या ते दोन लाख सांगत. शाहिराची मोजणी तलाठ्याच्या मोजणीसारखी धरू नये. पण दोन लाखांतली शून्ये पुसत गेले तरी जे उरते ते एका माणसाच्या आयुष्याला पुष्कळ आहे.

आणि पवळा? तिचे गाव हिवरगाव पावसा, तालुका संगमनेर. जन्म १८७० चा, त्या काळी अस्पृश्य मानलेल्या महार कुटुंबात. तोवर तमाशात बाईचे काम पोरसवदा पुरुष करी. त्याला नाच्या म्हणत. लुगडे नेसून, पदर सावरून तो अशी काही नजर टाकी की समोरचा शेतकरी घरचा रस्ता विसरावा. त्या जागी खरीखुरी बाई येऊन उभी राहिली, आणि तमाशाच्या बोर्डावर उभी राहिलेली पहिली स्त्री म्हणून पवळेचे नाव घेतले जाते. लोक तिला ‘नामचंद पवळा’ म्हणत. हे नाव तिने बापूरावांकडून मिळवलेले नव्हते. दोघांची गाठ पडली तेव्हा तिचा स्वतःचा बोलबाला होता, जसा बापूरावांचा होता. म्हणूनच मी या जोडीला त्या अमेरिकन जोडीच्या पंक्तीला बसवते. एक उभा असताना दुसरा त्याच्या आधाराने वर चढला, असे येथे झाले नाही.

ही जोडी बोर्डावर आली आणि महाराष्ट्राने कनाती फाडून गर्दी केली. मुंबईच्या थिएटरांत गिरणीतला कामगार, गोदीतला हमाल, घाटावरून पोट भरायला गेलेला प्रत्येक माणूस तिकीट काढून बसू लागला. वेल्ह्या-भोराचे कितीतरी लोक त्या काळी मुंबईला गेलेले. खंडीभर पाऊस पडूनही ज्यांच्या खाचरांत वर्षभराचे भात पिकत नव्हते, त्यांना दुसरा मार्ग नव्हता. दिवसभर साच्यापुढे उभे राहिलेल्या या माणसाला रात्री आपल्या बोलीतला शब्द ऐकू येई, आणि तो म्हणणारी बाईही त्याच्यासारखीच गाव सोडून आलेली असे.

विचार करण्यासारखी गोष्ट येथे आहे. ब्राह्मण कवी आणि महार नर्तकी एका बोर्डावर, एका बिऱ्हाडी, एका पंगतीला. एकोणिसाव्या शतकात जन्मलेल्या माणसांनी हे केले. समाजाने दोघांनाही सोडले नाही. पण त्या दोघांची शिक्षा सारखी मोजली गेली का? बापूरावांविषयी आम्ही अजून कौतुकाने म्हणतो की त्यांनी कलेसाठी जात सोडली, वतन सोडले, सोवळे सोडले. त्यागाची ही गोष्ट झाली, तिचे चरित्र झाले, १९५० मध्ये राजा नेने यांनी तिचा ‘पठ्ठे बापूराव’ नावाचा चित्रपटही केला. पवळेने काय सोडले, हे कुणी विचारीत नाही. तिला सोडायला वतन नव्हते, सोवळे नव्हते, आणि जात सोडायची सोय तर तिला कुणी ठेवलीच नव्हती. ती बोर्डावर उभी राहिली तो तिचा त्याग नव्हे, तिचा धंदा, असे लोकांनी ठरवून टाकले. कादंबऱ्या लिहिणारी बाई म्हणून मला वाटते, या जोडीची खरी कादंबरी पवळेच्या बाजूने लिहायला हवी. मी दोनदा सुरुवात केली. दोन्ही वेळा बापूरावच पानावर येऊन बसले, कारण साधने त्यांची आहेत. त्यांच्या लावण्या छापल्या गेल्या. तिचा तोडा, तिची नजर, तिने ओळ कोठे तोडली आणि कोठे ताणली, ते कुठल्या कागदावर शोधायचे?

शेवटी जोडी फुटली. का फुटली याच्या जितक्या तोंडी तितक्या कथा आहेत. कोणी पैसा म्हणतो, कोणी मत्सर, कोणी तिसऱ्याच माणसाचे नाव घेतो. मला त्या कथांपेक्षा त्यानंतरचे अधिक बोलके वाटते. फुटल्यावर दोघांचाही रंग उतरत गेला. आधी दोघेही स्वतंत्रपणे नामांकित होते. एकत्र येऊन वेगळे झाल्यावर मात्र एकटे उभे राहणे कुणालाच पूर्वीसारखे साधले नाही. लोक आता एकाला पाहताना दुसऱ्याची मोकळी जागा पाहत. पवळा १९३९ मध्ये गेली. बापूराव २२ डिसेंबर १९४५ रोजी पुण्यात गेले, तेही हलाखीत. लाखो लोकांना रात्र रात्र जागवणाऱ्या या दोन माणसांच्या शेवटच्या रात्रींना सोबत थोडीच होती.

याच वाळवे तालुक्यातल्या वाटेगावात १ ऑगस्ट १९२० रोजी अण्णाभाऊ साठे जन्मले. १९४४ मध्ये त्यांनी बार्शीचे अमर शेख आणि शाहीर गव्हाणकर यांच्यासह ‘लाल बावटा कलापथक’ उभे केले. येथे जोडीचे त्रिकूट झाले. अमर शेखांचा पहाडी आवाज आणि अण्णाभाऊंची लेखणी असे आपण सोयीसाठी म्हणतो. पण अमर शेख स्वतः कवी होते आणि अण्णाभाऊ बोर्डावर उभे राहून सभा जिंकणारे शाहीर होते. कामगारांच्या सभांतून, पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातून हे आवाज घुमले. गणातला गणपती आणि गौळणीतली मावशी बाजूला सारून अण्णाभाऊंनी तमाशाचे लोकनाट्य केले. फलकावर ‘लोकनाट्य तमाशा मंडळ’ असे लांबलचक नाव आपण वाचतो, त्यातला पहिला शब्द त्या काळाची देणगी आहे. स्वातंत्र्याच्या सुमारास मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली होती, तेव्हा हे भारदस्त नाव पुष्कळांच्या कामी आले. अण्णाभाऊ १८ जुलै १९६९ रोजी गेले. त्यानंतर बरोबर सहा आठवड्यांनी, २९ ऑगस्टला, अमर शेख आमच्याच पुणे जिल्ह्यात इंदापूरजवळ मोटार-अपघातात गेले. त्रिकुटातले दोघे एकाच पावसाळ्यात.

आता त्या ‘सह’कडे परत येते.

मी देवळाच्या भिंतीवर वाचलेल्या नावांत काही नावे कधी चुकत नसत. दत्ता महाडिक पुणेकर आणि गुलाबराव बोरगावकर ही जोडी. एक गीतांचा धनी, दुसरा सोंगाड्या, आणि गुलाबरावांचा नुसता चेहरा पाहून आमचे चुलते आठ दिवस हसत. काळू-बाळू कवलापूरकर हे तर जुळे भाऊच. त्यांच्यात ‘सह’ लिहायला जागाच नव्हती, ते काम आईच्या पोटातच उरकले होते. आणि मग कांताबाई सातारकर.

कांताबाईंचा जन्म १९३९ चा. पवळा गेली त्याच वर्षीचा. योगायोगाला अर्थ चिकटवू नये, पण तो नजरेतून सुटतही नाही. आईबाप गुजरातेत खडीच्या खाणीवर राबणारे. मुलगी साताऱ्यात वाढली, लहानपणीच नाचायला लागली, मुंबईला गेली आणि तेथे तुकाराम खेडकर या त्या काळच्या नाणावलेल्या तमासगिराबरोबर तिची जोडी जमली, बोर्डावर आणि संसारातही. वगनाट्यांत तिने पुरुषांच्या भूमिका केल्या, त्यांत शिवछत्रपतींची भूमिका होती. जेथे शंभर वर्षांपूर्वी पुरुष लुगडे नेसून बाई होत होता, तेथे बाई तलवार लावून राजा झाली. राजगडाच्या पायथ्याच्या आम्हा माणसांना ही गोष्ट फार मोठी वाटते.

१९६४ मध्ये खेडकर वारले. फड एका रात्रीत परका झाला; पदरात लहान मुले घेऊन कांताबाईंना त्यातून बाहेर पडावे लागले. जोडीतल्या हयात माणसाचे काय होते, ते येथे उघडे पडते. फलकावरचे वरचे नाव पुसले की ‘सह’ नुसतेच लोंबकळत राहते. दुसऱ्यांच्या फडांत कामे करीत त्यांनी दिवस काढले आणि १९६९ मध्ये स्वतःचा फड उभा केला. पवळेला जे साधले नाही, ते या बाईने साधले: जोडी संपल्यावर ती पुन्हा मालकीण म्हणून उभी राहिली. राज्य शासनाने तमाशासाठी विठाबाई नारायणगावकर यांच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार सुरू केला, तो कांताबाईंना मिळाला.

ज्या विठाबाईंच्या नावाचा तो पुरस्कार, त्यांची कन्या मंगला बनसोडे यांचा फलकही आमच्याकडे येई: ‘मंगला बनसोडे सह नितीनकुमार’. वर आई, खाली मुलगा. कांताबाईंचा मुलगा रघुवीर मोठा झाला, नावारूपाला आला, सोंगाड्या म्हणून गाजला, आणि त्या फडाच्या फलकावर नावांचा क्रम वेगळा लागला. माझ्या शिष्यांना मी हे दोन फलक फळ्यावर शेजारी शेजारी लिहून दाखवले. ‘सह’च्या वर कोण, याचे दोन घरांनी दिलेले हे दोन जबाब. त्या दोघांनी ते वहीत उतरवून घेतले आणि भांडत भांडतच बाहेर गेले. कार्यक्रमपत्रिकेत नावे शेवटी गोलात छापली. गोलाला वर-खाली नसते, असे भोराकडच्याचे म्हणणे. वेल्ह्याकडचा अजूनही तो कागद असा धरतो की त्याचे नाव वर यावे.

कांताबाई २५ मे २०२१ रोजी करोनाच्या साथीत संगमनेरला गेल्या. पवळेचे हिवरगाव पावसा त्याच तालुक्यातले. त्या साथीत दोन वर्षे जत्रा भरल्या नव्हत्या, नारायणगावच्या राहुट्या ओस होत्या आणि आमच्या देवळाच्या भिंतीवर जुना फलक ऊन-पावसात तसाच राहिला होता. कडा उडाल्या होत्या, निळा रंग पार उडून गेला होता. तरीही वाचता येत होते: ‘रघुवीर खेडकर सह कांताबाई सातारकर’.